मेलेल्या यीस्टचा भाव

(आकाशवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)

हरसूलच्या आठवडे बाजारातली गोष्ट आहे. मी पशुवैद्यकीय दवाखान्यात नोकरी केली, त्यामुळे निवृत्त झाल्यावरही त्या भागात गेलो की बाजारात कोणी ना कोणी हटकतेच. त्या दिवशी कोंबड्या पाळणाऱ्या एका बचत गटाच्या चार बाया खाद्याच्या दुकानापुढे उभ्या होत्या. त्यांतल्या एकीच्या हातात पिवळट भुकटीचा पुडा होता. मला पाहताच ती म्हणाली, ‘‘डॉक्टर, हे यीस्ट. मागच्या खेपेला घेतलं त्याच्यापेक्षा भाव चढला. आन् दुकानदार म्हणतो, हे मेलेलं हाय, जित्तं याहून महाग. मेलेल्याला कशाला एवढे पैसे मोजायचे?’’

प्रश्न साधा होता, पण मला तिथल्या तिथे नीट उत्तर देता आले नाही. कांद्याचा भाव लासलगावला ठरतो, तो वर्तमानपत्रात येतो. सोयाबीनला हमीभाव असतो. यीस्टचा भाव कुठे ठरतो? त्याची बाजार समिती नाही, लिलाव नाही, रेडिओवर बाजारभाव सांगतात त्यात त्याचे नाव नाही. आणि तरीही ही वस्तू कोंबडीच्या खाद्यात, गाईच्या मिश्रणात, औषधाच्या गोळीत, पाकीटबंद नूडल्सच्या मसाल्यात आणि बिस्किटाच्या कणकेतही आहे. तेव्हा त्या बाईच्या प्रश्नाचे उत्तर मी आज जरा सावकाश देणार आहे.

आधी यीस्ट म्हणजे काय ते पाहू. हरसूल, पेठ, जव्हार या पट्ट्यात हे समजावायला फारसे कष्ट पडत नाहीत. मार्च-एप्रिलमध्ये मोहाची फुले पडतात, ती भिजत घातली की दोन-तीन दिवसांत मडक्यात बुडबुडे येऊ लागतात. नागलीची आंबील आंबते त्यातही सूक्ष्म जीवांचेच काम असते. मोहाच्या मडक्यात साखर खाऊन अल्कोहोल आणि वायू सोडणारा जो एकपेशीय जीव असतो, ते यीस्ट. मराठीत त्याला किण्व म्हणतात, पण हा शब्द पुस्तकातच राहिला. साखर संपली, अल्कोहोल वाढले, की या पेशी दमतात आणि तळाशी बसतात. मडक्याच्या बुडाशी जो मळकट गाळ राहतो त्यात त्या असतात. (तो गाळ आणि चोथा गुरांपुढे टाकू नये. त्यात अल्कोहोल राहिलेले असते. चोथा खाऊन झिंगलेली बैलजोडी मी स्वतः तपासली आहे. मालक घाबरला होता, बैल मात्र मजेत होते.)

आता हाच प्रकार मोठ्या कारखान्यात कल्पून पाहा. पाव फुगवण्यासाठी लागते ते जिवंत यीस्ट. तेच यीस्ट पन्नास-साठ अंशांच्या पुढे तापवले की मरते. मेल्यावर ते कणीक फुगवू शकत नाही, पण त्याच्या पेशीतले प्रथिन, ब गटातली जीवनसत्त्वे आणि पेशीची भिंत हे सगळे जागेवरच राहते. वाळवून दळले की झाली पिवळट-तपकिरी भुकटी. हेच निष्क्रिय यीस्ट. आयात-निर्यातीच्या दरसूचीत २१०२ हा यीस्टचा गट आहे आणि त्यात जिवंत यीस्टला एक उपक्रमांक, निष्क्रियला दुसरा असे सरकारनेच दोन भाग केलेले आहेत. चांगल्या कोरड्या यीस्टमध्ये साधारण चाळीस ते पन्नास टक्के प्रथिन असते, म्हणजे सोयाबीन पेंडीच्या जवळपास.

या मेलेल्या यीस्टने आपल्याच महाराष्ट्रात एक मोठे काम केले आहे, ते सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही. ल्यूसी विल्स नावाच्या इंग्रज डॉक्टर १९२८ मध्ये मुंबईत आल्या. गिरणीत काम करणाऱ्या गरीब स्त्रियांना गरोदरपणात एक जीवघेणा रक्तक्षय होत असे. परळच्या हाफकिन इन्स्टिट्यूटमध्ये त्यांनी त्याचा शोध सुरू केला. त्या काळात अशा रक्तक्षयांपैकी एका प्रकारावर यकृताचा अर्क हा उपाय नुकताच सापडला होता, पण तो महाग होता. विल्स यांनी माकडांवर प्रयोग करताना एका आजारी माकडाला मार्माइट दिले. मार्माइट म्हणजे बिअर बनवून उरलेल्या यीस्टचा दाट अर्क. इंग्लंडमध्ये १९०२ पासून विकला जाणारा, पावाला लावून खायचा, खारट आणि उग्र वासाचा. माकड सुधारले. मग गरोदर स्त्रियांना तो दिला आणि त्याही सुधारल्या. १९३१ मध्ये त्यांनी हे निष्कर्ष प्रसिद्ध केले. गंमत अशी की शुद्ध केलेल्या महागड्या यकृत-अर्काने या स्त्रियांना गुण येत नव्हता, स्वस्त यीस्टने येत होता. त्या अज्ञात घटकाला कितीतरी वर्षे ‘विल्स फॅक्टर’ म्हणत. पुढे तो फॉलिक आम्ल म्हणून ओळखला गेला. आज सरकारी दवाखान्यात गरोदर बायांना लोह आणि फॉलिक आम्लाची जी गोळी मिळते तिचे मूळ असे परळला आहे.

दारूभट्टीचा टाकाऊ गाळ महागड्या औषधाला सरस ठरला, म्हणजे कचऱ्याला मोल आले. आणि कचऱ्याला मोल आले की त्याचा भाव विचित्र वागू लागतो.

निष्क्रिय यीस्ट बाजारात दोन वाटांनी येते. एक म्हणजे बिअरच्या कारखान्यांतून आणि दारूच्या आसवन्यांतून उरलेले. छत्रपती संभाजीनगरजवळच्या वाळूज परिसरात बिअरचे कारखाने आहेत. तिथे बिअर गाळली की यीस्टचा चिखल उरतोच. पण कोणताही कारखानदार यीस्ट हवे म्हणून बिअर बनवत नाही. यीस्टचा भाव दुप्पट झाला तरी तो बिअर वाढवणार नाही आणि भाव पडला तरी कमी करणार नाही. म्हणजे पुरवठा मागणीकडे पाहतच नाही, तो बिअर पिणाऱ्याकडे पाहतो. २०२० मध्ये मार्चअखेर टाळेबंदी लागली, बिअरचे कारखाने थांबले, तसा उपउत्पादन म्हणून येणाऱ्या यीस्टचा हा झराही आटला. कोंबड्यांना कोणी टाळेबंदी लावली नव्हती.

या चिखलाचा दुसरा त्रास पाण्याचा. त्यात शंभर किलोमागे पंधरा-एक किलोच कोरडा भाग असतो. म्हणजे एक किलो भुकटी करायला सव्वापाच किलोच्या आसपास पाणी उडवावे लागते. ओला माल दोन दिवसांत नासतो, लांब नेता येत नाही, म्हणून वाळवण्याचे यंत्र कारखान्याशेजारीच लागते. त्यामुळे या वाटेच्या यीस्टमध्ये कच्चा माल जवळजवळ फुकट असला तरी कोळसा, वाफ आणि विजेचा खर्च भावात ठाण मांडून बसतो. इंधन महागले की चिखल स्वस्त राहूनही भुकटी महागते.

दुसरी वाट म्हणजे मुद्दाम वाढवलेले यीस्ट. साखर कारखान्याची मळी हे त्याचे अन्न. लेसाफ्र, एबी मॉरी आणि चीनची एंजल या जगातल्या मोठ्या कंपन्या. त्यांपैकी एबी मॉरीचा कारखाना आपल्या चिपळूणला आहे. मळीत साधारण निम्मी साखर असते आणि यीस्टला स्वतःचे वजन वाढवायला त्याच्या दुप्पट साखर लागते. म्हणजे एक किलो कोरड्या यीस्टला ढोबळमानाने चार किलो मळी. हा चारचा आकडा लक्षात ठेवा, कारण इथेच गंमत आहे. शेवटची साखर काढून घेतलेल्या मळीपासून इथेनॉल केले तर एक लिटरला साधारण साडेचार किलो मळी लागते. म्हणजे तेवढ्याच मळीतून एकतर एक लिटर इथेनॉल निघते, नाहीतर एक किलो यीस्ट. मळी कोणाला द्यायची हे कारखाना कशावरून ठरवणार? जो जास्त देईल त्यावरून.

इथेनॉलचा खरेदीदर केंद्र सरकार ठरवते. २०२२-२३ च्या पुरवठा वर्षात अशा मळीच्या इथेनॉलला लिटरला ४९ रुपये ४१ पैसे होते, २०२४-२५ साठी ५७ रुपये ९७ पैसे झाले. तेल कंपन्या तेवढे पैसे मोजणार याची खात्री असताना यीस्टवाल्याला मळी त्याहून स्वस्तात कोण देईल? म्हणजे हरसूलच्या पुड्याखाली दिल्लीत ठरलेल्या इथेनॉलच्या दराची एक फरशी आहे. भाव तिच्यावर उड्या मारतो, पण तिच्याखाली फार काळ जात नाही.

त्यातच २०२३ चे वर्ष आठवा. पाऊस कमी झाला, उसाची काळजी वाटू लागली. ७ डिसेंबर २०२३ रोजी केंद्राने उसाचा रस आणि पाक इथेनॉलकडे वळवायला मनाई केली, आठवडाभरातच १७ लाख टन साखरेपुरती ढील दिली. जानेवारी २०२४ मध्ये मळीच्या निर्यातीवर पन्नास टक्के शुल्क लावले, म्हणजे मळी देशातच राहावी. त्याच्या आधी ऑक्टोबर २०२३ मध्ये मळीवरचा जीएसटी २८ टक्क्यांवरून ५ टक्क्यांवर आणला होता. ऑगस्ट २०२४ अखेरीस इथेनॉलवरची बंधने उठली. नऊ-दहा महिन्यांत इतके फिरवाफिरवीचे निर्णय झाले, आणि प्रत्येक निर्णयाबरोबर मळी कुणीतरी धरून ठेवली किंवा सोडली. मळीवर चालणाऱ्या धंद्याने आपला दर वर्षभरासाठी कसा बांधायचा?

हंगामाचा फेराही आहेच. दिवाळीच्या आसपास गळीत सुरू होते, मार्च-एप्रिलपर्यंत चालते. त्या दिवसांत मळीच्या टाक्या भरलेल्या असतात. पावसाळ्याच्या शेवटी त्या तळाला जातात. ज्याच्याकडे साठवायला जागा आहे तो जानेवारी-फेब्रुवारीत यीस्ट घेऊन ठेवतो. बचत गटाकडे जागाही नाही आणि एकरकमी पैसेही नाहीत, म्हणून तो सप्टेंबरात एकेक पुडा घेतो, तोही चार हात बदलून आलेला.

एवढे झाले विकणाऱ्याच्या बाजूचे. घेणाऱ्याच्या बाजूला सोयाबीन बसले आहे. खाद्य बनवणारा कारखानदार यीस्टला आधी प्रथिन म्हणून पाहतो आणि तुलना करतो पेंडीशी. २०२१ मध्ये ऑगस्टच्या सुमारास सोयाबीन क्विंटलला दहा हजारांवर गेले होते, पेंड इतकी चढली की सरकारला १२ लाख टन सोया पेंड आयातीची परवानगी द्यावी लागली. तेव्हा प्रथिन देणारी प्रत्येक वस्तू, यीस्टसकट, वर ओढली गेली. उलट २०२४ मध्ये सोयाबीन ४,८९२ रुपयांच्या हमीभावाच्याही खाली विकले गेले, आणि मक्यापासून इथेनॉल करताना उरणारा प्रथिनयुक्त चोथा, ज्याला बाजारात डीडीजीएस म्हणतात, तो खाद्यवाल्यांपुढे येऊन पडला. म्हणजे इथेनॉलच एका हाताने मळी ओढून यीस्ट महाग करते आणि दुसऱ्या हाताने स्वस्त चोथा टाकून त्याचे गिऱ्हाईक पळवते. असा दुहेरी धक्का बसलेली दुसरी वस्तू मला तरी चटकन आठवत नाही.

मग त्या बाईने काय करावे? इथे मी एक हिशेब करून दाखवतो, आकडे सोयीसाठी घेतलेले आहेत. समजा पेंड ४५ रुपये किलो आहे आणि तिच्यात ४५ टक्के प्रथिन आहे. म्हणजे एक किलो प्रथिन शंभर रुपयांना पडले. यीस्ट ९० रुपये किलो आणि प्रथिन तेवढेच, तर तेच दोनशेला पडले. निव्वळ प्रथिनासाठी यीस्ट घेणे परवडतच नाही. ते घ्यायचे तर ब जीवनसत्त्वांसाठी आणि पेशीच्या भिंतीतल्या घटकांसाठी, जे पोटातल्या काही घातक जंतूंना आतड्याला चिकटू देत नाहीत. त्याला शंभर किलो खाद्यात किलो-दोन किलो पुरते. त्या गटाच्या बाया ओंजळीने टाकत होत्या, कारण पुड्यावर ‘भरपूर प्रथिन’ असे ठळक छापले होते.

या ‘प्रथिन’ शब्दाने मीही एकदा फसलो आहे. नोकरीत असताना एका गटासाठी मी स्वतः यीस्टची पोती मागवून दिली. कागदावर प्रथिन पंचेचाळीस टक्के, भाव बाजारापेक्षा कमी. मी खूष. पण पिल्ले वाढेनात. काहींची विष्ठा पातळ, पिसे खरबरीत. रोग शोधत महिना गेला. शेवटी नमुना तपासला तेव्हा कळले की त्यात युरिया मिसळलेला होता. कंपनीचे नाव सांगत नाही. पण युक्ती सांगतो. प्रयोगशाळेत सर्वसाधारण चाचणीत प्रथिन थेट मोजत नाहीत, नत्र मोजतात आणि त्याला सव्वासहाने गुणतात. युरियात ४६ टक्के नत्र, म्हणजे कागदावर युरियाचे ‘प्रथिन’ २८७ टक्के! तीस टक्क्यांच्या हलक्या भुकटीत पाच टक्के युरिया घातला की दाखल्यावर आकडा त्रेचाळीसच्या घरात जातो. गाय-म्हैस थोडा युरिया पोटातल्या जंतूंकरवी वापरून घेते, कोंबडीला त्याचा काही उपयोग नाही. २००८ मध्ये चीनमध्ये दुधात मेलामाइन घालून हजारो बाळांना आजारी पाडले, त्यामागे हेच गणित होते. त्या गटाच्या बायांनी मला एका शब्दाने दोष दिला नाही, पण पुढच्या वर्षी त्यांतल्या दोघींनी कोंबड्या ठेवल्या नाहीत.

म्हणून आता मी घरच्या घरी करायच्या दोन परीक्षा सांगतो. पहिली, यीस्ट जिवंत की मेलेले याची. कोमट पाण्यात चमचाभर साखर आणि चमचाभर भुकटी घालून झाकून ठेवा. पंधरा-वीस मिनिटांत फेस आला तर जिवंत, नाही आला तर मेलेले. गाईसाठी म्हणून ‘जिवंत यीस्ट’ जास्त भावाने घेतले असेल तर ही परीक्षा कराच. गाईच्या पोटातले आम्ल सांभाळायचे काम जिवंत यीस्ट करते, मेलेले तसे करत नाही. आणखी एक गोम अशी की गोळी पेंड बनवताना ती सत्तर-ऐंशी अंशांपर्यंत तापते. त्यात घातलेल्या साध्या जिवंत यीस्टपैकी बहुतेक तिथेच मरते. पोत्यावर मात्र ‘जिवंत’ छापलेलेच राहते आणि भावही जिवंताचाच लागतो.

दुसरी परीक्षा युरियाची. कच्चे, न भाजलेले सोयाबीन दळून त्याचे थोडे पीठ भुकटीत मिसळा, पाण्याने भिजवा आणि बाटलीत बूच लावून अर्धा-पाऊण तास उबेत ठेवा. बूच काढल्यावर मुतारीसारखा झणझणीत अमोनियाचा वास आला तर माल परत करा. कच्च्या सोयाबीनमधले एक विकर युरिया फोडते, म्हणून हा वास येतो. भाजलेल्या सोयाबीनने ही परीक्षा होत नाही. मेलामाइन मात्र असे पकडता येत नाही, त्याला प्रयोगशाळाच हवी.

बिल घ्या, असे मी प्रत्येकाला सांगतो आणि प्रत्येक जण हसतो. पण यीस्टवरचा जीएसटी २२ सप्टेंबर २०२५ पासून १२ टक्क्यांवरून ५ टक्क्यांवर आला आहे. बिल नसेल तर तो कमी झालेला कर तुमच्या पुड्यापर्यंत पोचला की मधल्या चार हातांत जिरला, हे विचारायची सोयच राहत नाही.

माणसांच्या गोळ्यांबद्दल दोन शब्द. ‘रक्त वाढते’ म्हणून यीस्टच्या गोळ्या बाजारात हौसेने घेणाऱ्या बाया मी पाहिल्या आहेत. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत महाराष्ट्रातल्या १५ ते ४९ वयाच्या ५४ टक्के स्त्रियांत रक्तक्षय आढळला, तेव्हा ही घाई मी समजू शकतो. पण विल्सबाईंच्या काळी यीस्टशिवाय स्वस्त उपाय नव्हता. आज तो घटक गोळीत वेगळा काढून मिळतो, लोहासह मिळतो, आणि हरसूलच्या ग्रामीण रुग्णालयात त्याला पैसे पडत नाहीत. यीस्टमध्ये लोह पुरेसे नाही, आणि ज्यांना संधिवाताचा, म्हणजे युरिक आम्लाचा त्रास आहे त्यांना जास्त यीस्ट बाधते. शहरांत हल्ली ‘न्यूट्रिशनल यीस्ट’ म्हणून छोट्या डब्यांत तेच निष्क्रिय यीस्ट चीजच्या चवीसाठी विकले जाते. खाद्याच्या पोत्यातला माल आणि तो डबा यांत शुद्धतेचा फरक आहे, तो असायलाच हवा. पण भावात जी अनेक पटींची दरी आहे ती सगळी काही शुद्धतेची नाही.

पुढच्या खेपेला हरसूलला गेलो तेव्हा ती बाई भेटली. गटाने यीस्ट ओंजळीऐवजी मापाने घालायला सुरुवात केली होती, पुडा तीन पट दिवस पुरत होता. सोयाबीनच्या पिठाची परीक्षाही त्यांनी केली होती, दुकानदारासमोरच, त्याच्याच दुकानात बाटली ठेवून. वास आला नाही. दुकानदार तेव्हापासून त्यांना पुड्याबरोबर बिल देतो. तिने मला विचारले, ‘‘गळीत सुरू झालं की दोन महिन्यांनी घ्यायचं ना डॉक्टर? मग सगळ्या गटांनी मिळून एक पोतंच आणलं तर?’’ किती गट आहेत, म्हणून मी विचारले. ती बोटे मोजू लागली.